आदल्या दिवशी येणाऱ्या बाई

कर्णिकबाई गुरुवारी येते म्हणाल्या की बुधवारी यायच्या. हे चुकून होत नसे. आमच्या ‘खाडीकाठ’ मासिकात ‘महिन्याचं घर’ नावाचं सदर होतं. त्यासाठी दर महिन्याला ठाणे, कल्याण नाहीतर डोंबिवलीतल्या एखाद्या घराचे फोटो काढायचे असत. त्या घरच्यांशी बोलून दिवस ठरवायचं काम माझं. मी आपली गोड आवाजात गुरुवार ठरवायची, आणि बुधवारी सकाळीच बाई फोटोग्राफर जयेशला बरोबर घेऊन त्या घराची बेल वाजवायच्या. दार उघडणारी गृहिणी गाऊनमध्ये, केसांना तेल, हात कणकेने भरलेले. “अहो, तुम्ही उद्या येणार होतात ना?” असं ती बिचारी विचारायची. “हो का? पण आज आलेय खरी,” असं म्हणत बाई चपला काढून थेट स्वयंपाकघरात. तिथे गेल्यावर पहिलं काम म्हणजे फ्रीज उघडायचा. दुसऱ्याचा फ्रीज, न विचारता.

मग मला फोन यायचा. कधी नवऱ्याचा, कधी सासूबाईंचा, आणि एकदा तर सोसायटीच्या सेक्रेटरीचा. मी सगळ्यांची माफी मागायची. बाई परत आल्या की त्यांच्यावर चिडायची. त्या पंख्याखाली बसून घाम पुसत म्हणायच्या, “साळवे, बुधवारचं घर खरं असतं गं. गुरुवारी त्या घरात पाहुणे राहतात.”

“मग लोकांना बुधवारच सांगूया ना.”

“मग मला मंगळवारी जावं लागेल,” असं त्या अगदी गंभीरपणे सांगायच्या.

या बाईंच्या हाताखाली मी नोकरीची बहुतेक वर्षं काढली. आधी मुद्रितं तपासणारी म्हणून, मग उपसंपादक आणि शेवटी सहसंपादक. नौपाड्यात एका पिठाच्या गिरणीवर आमच्या ऑफिसच्या दोन खोल्या होत्या. खाली गिरणी सुरू झाली की वर टेबलं थरथरायची आणि कॉम्प्युटरवर पिठाचा पातळ थर बसायचा. गुळगुळीत कागदावर सुंदर सुंदर दिवाणखाने छापणाऱ्या मासिकाचं हे ऑफिस बघून जाहिरातदार दारातच गोंधळायचे. बाईंना त्याचं काही नव्हतं. आखूड कापलेले पांढरे केस, इस्त्री न केलेली हातमागाची साडी, मनगटावर नवऱ्याचं मोठं घड्याळ, अशा थाटात त्या बिल्डरांसमोर बसायच्या आणि त्यांनाच घर कसं असावं ते ऐकवायच्या.

मासिक सुरू झालं तेही रागातून. घोडबंदर रोडला टॉवर उभे राहायला लागले होते, मुंबईहून माणसं राहायला येत होती, आणि एका लग्नात बाईंच्या शेजारी बसलेल्या अशाच एका नव्या ठाणेकरणीने “आम्ही मुलुंडच्या जरा पुढे राहतो” असं सांगितलं. बाईंचं जेवण तिथेच बिघडलं. “ठाण्यात राहायचं, ठाण्याचं पाणी प्यायचं आणि पत्ता सांगताना मुलुंडच्या पुढे! लाज वाटते का यांना ठाण्याची?” हे वाक्य मी त्यांच्या तोंडून इतक्यांदा ऐकलंय की त्यातला श्वास कुठे घ्यायचा तेही मला पाठ आहे. नवरा नुकताच गेला होता, मूलबाळ नव्हतं, जाहिरात कंपनीतली नोकरी कंटाळवाणी झाली होती. त्यांनी ती सोडली आणि ‘खाडीकाठ’ काढलं. कुठल्या तळ्यावर सकाळी फिरायला बरं, पडदे कुठे चांगले शिवून मिळतात, कल्याणात उत्तम खाजा कोण करतं, कुंडीत अळू कसं लावायचं, असं सगळं त्यात असायचं. पण अंक हातात आला की लोक आधी उघडायचे ते ‘महिन्याचं घर’. आपल्या ओळखीचं कुणी आलंय का ते बघायला, आणि नसलं तर नावं ठेवायला.

सुरुवातीला बाई ठरल्या दिवशीच जात असत म्हणे. मी लागायच्या आधीची गोष्ट. डोंबिवलीतल्या एका कुटुंबाने फोटोसाठी वरच्या मजल्यावरून सोफा आणला, समोरच्यांकडून उभा दिवा आणि नणंदेकडून पडदे. वरच्या मजल्यावरच्या काकूंना सांगितलं होतं की मुलीला बघायला पाहुणे येणार आहेत. काकूंनी मोठ्या मनाने सोफा दिला. महिन्याने अंक आला. त्यात त्यांचाच सोफा, आणि खाली ओळ : ‘गृहिणीने हौसेने निवडलेला सोफा’. काकू तो अंक घेऊन सोसायटीच्या मीटिंगला गेल्या. तिथून दोन्ही घरं भांडत भांडत आमच्या ऑफिसात आली. बाईंनी दोघांना चहा दिला, पुढच्या अंकात ‘सोफा वरच्या मजल्यावरचा होता’ असा खुलासा छापला, आणि त्या दिवसापासून गुरुवारचा बुधवार झाला. शिवाय एक नियम आला : “आहे तसं.” सोफ्यावर कपड्यांचा ढीग असला तर तो तसाच राहणार. दोरीवरचे वाळत घातलेले कपडे राहणार. भिंतीवरचा खिळासुद्धा हलवायचा नाही. “मी मासिक काढते, लग्नाचा अल्बम नाही,” असं त्या घरच्यांना सुनवायच्या. गंमत म्हणजे लोक चिडायचे, रुसायचे, पण अंक आला की त्याच्या पंधरा-वीस प्रती घेऊन नातेवाइकांना वाटायचे.

या नियमापायी त्यांनी माझी काय काय कामं वाया घालवली ते सांगायला बसले तर पान पुरणार नाही. बाळकुमचा एक बिल्डर मी कित्येक महिने मागे लागून पटवला होता. वर्षभर शेवटच्या पानावर त्याची जाहिरात. अट एवढीच की त्याचं नमुना घर एकदा ‘महिन्याचं घर’ म्हणून यावं. बाई बघायला जाते म्हणाल्या. मी मनात म्हटलं, नमुना घर आहे, तिथे बुधवारी काय आणि गुरुवारी काय, कुणाची कणीक मळून व्हायची राहिलेली नाही. तिथे बाईंनी दिवाणखाना बघितला, ओटा बघितला, आणि झोपायच्या खोलीत जाऊन पलंगावर सरळ आडव्या झाल्या. त्यांचे पाय पोटऱ्यांपासून पलंगाबाहेर. खोली मोठी दिसावी म्हणून पलंगच तोकडा करून घेतला होता. “जयेश, काढ,” बाई आडव्या-आडव्याच म्हणाल्या.

तो फोटो त्यांनी छापला. खाली ओळ होती : ‘बाळकुम येथील नमुना घर. पलंगावरील व्यक्ती साधारण उंचीची आहे.’

शेवटचं पान गेलं. त्या बिल्डरचे दोन मित्र होते, त्यांचीही पानं गेली. मी बाईंच्या टेबलासमोर उभी राहून, गिरणीच्या आवाजावर आवाज चढवून सांगितलं की मी नोकरी सोडतेय. बाईंनी मान वर केली नाही. “उद्या सोड. आज बुधवार आहे, मला कल्याणला जायचंय,” म्हणाल्या आणि पिशवी उचलून निघाल्या. अशा माणसाशी भांडायचं तरी कसं? दुसऱ्या दिवशी मी मुकाट्याने कामावर गेले. त्यांनी माझ्यासाठी कल्याणहून खाजा आणून ठेवला होता, आणि आदल्या दिवशीच्या भांडणाचा एक शब्द काढला नाही.

आमच्या घरी ‘खाडीकाठ’ची सगळ्यात कडक वाचक म्हणजे माझी आई. वर्तकनगरला जुन्या वसाहतीत आमचं दीड खोलीचं घर. वडील लवकर गेले. आई एका कंपनीत पॅकिंगला होती, त्या पगारावर तिने मला शिकवलं आणि घर उभं ठेवलं. अंक आला की चष्मा लावून ती तो कव्हरपासून वाचायची, आणि ‘महिन्याचं घर’वर बोट ठेवून माझ्याकडे बघायची. “हिचा ओटा बघ. तेलाचा एक डाग नाय. खायला करते तरी काय ही बाई?” मग शेवटी ठरलेलं एक वाक्य : “आपलं कधी?”

मी सांगायची की आमच्याकडे काम करणाऱ्यांची किंवा त्यांच्या नातेवाइकांची घरं घ्यायची नाहीत असा बाईंचा नियम आहे. यावर आई पहिल्यांदा गंमतीने म्हणाली, “मग सोड ना नोकरी.” पुढे पुढे ती गंमत राहिली नाही. अंक येत राहिले, ‘आपलं कधी’ सुरू राहिलं, आणि मी मध्ये भरडली जात राहिले.

मग वसाहतीच्या पुनर्विकासाचं नक्की झालं. आमची इमारत पडणार, सगळ्यांनी भाड्याच्या जागा बघायच्या, टॉवर झाला की परत यायचं. शेजारच्या परबकाकू आणि आई, दोघींनी मिळून डोंबिवलीला जागा बघायला सुरुवात केली. एके संध्याकाळी आई चहा गाळता गाळता म्हणाली, “नवीन घर मिळेल गं. चांगलंच मिळेल. पण हे पडल्यावर मी कुणाला दाखवणार, की असं होतं म्हणून? इथे तुझ्या बापाने ही फरशी बसवलीय. मी ओव्हरटाइम करून ही खिडकी बदललीय. तुमच्या पेपरात आलं असतं तर राहिलं असतं कुठेतरी.” ती मासिकाला पेपरच म्हणायची. तिच्या आवाजात रडं नव्हतं, पण ती आता पुन्हा विचारणार नाही हे मला कळलं, आणि तेच मला सोसेना.

दुसऱ्या दिवशी मी बाईंना विचारलं. “नाही,” त्या म्हणाल्या. “आज तुझं घेतलं तर उद्या जयेशच्या मेव्हण्याचं.” मी म्हटलं, जयेशच्या मेव्हण्याचं घर पाडायला काढलेलं नाही. “पाडायला काढलेली घरं या गावात ढिगाने आहेत,” बाई म्हणाल्या. मला इतका संताप आला की मी दिवसभर त्यांच्याशी बोलले नाही. त्यांच्या ते लक्षातही आलं नाही, हा आणखी वेगळा संताप.

आठवडाभराने काहीतरी वाचता वाचता त्या एकदम म्हणाल्या, “साळवे, तुझ्या आईला सांग, गुरुवारी बघायला येते. छापेन असं म्हणत नाहीये.”

मी घरी येऊन आईला सांगितलं, “बुधवारी तयार राहा.”

आणि आई तयार राहिली! बुधवारी बाई आणि जयेशबरोबर मी घराच्या दारात पोचले तर मलाच वाटलं, चुकून दुसऱ्या मजल्यावर आलो. दारामागचा पाण्याचा पिंप गायब. इस्त्रीचे कपडे गायब. कॉटखालच्या ट्रंका आणि घडी केलेल्या गाद्या परबकाकूंकडे गेल्या होत्या. आई इस्त्रीच्या साडीत, केसात गजरा. टीव्हीशेजारच्या टेबलावर आमची छोटी बुद्धमूर्ती, तिच्यापुढे ताजी फुलं. बाई नेहमीप्रमाणे सरळ आत गेल्या, फ्रीज उघडला आणि आतून ओरडल्या, “साळवे, तुझ्या आईने फ्रीजसुद्धा आवरलाय! एक लिंबू आहे नुसतं!” मग बाहेर येऊन माझ्याकडे रोखून बघत म्हणाल्या, “तू फोडलंस.”

“हो,” मी म्हटलं.

त्या काहीतरी बोलणार होत्या, पण त्यांची नजर माझ्या मागे गेली. दारासमोरच्या भिंतीवर, बरोबर मधोमध, एक मोठा चौकोन बाकीच्या भिंतीपेक्षा फिका दिसत होता. वर खिळा होता. माझ्या जन्माच्या आधीपासून ती जागा कधी रिकामी नव्हती.

“इथलं काय काढलंत?” बाईंनी विचारलं.

“बाबासाहेबांचा फोटो होता,” आई म्हणाली.

“का काढलात? मी खिळासुद्धा हलवत नाही. हिने सांगितलं नाही का तुम्हाला?”

“सांगितलं की. मला सगळं ठाऊकाय. मी तुमचा एकूण एक अंक वाचलाय.” आई शांतपणे बोलत होती. “बाई, तुमच्या अंकात बुद्ध लई आहेत. हॉलमध्ये आहेत, बाल्कनीत कारंज्यात बसवलेत, एका घरात तर चपलांच्या कपाटावर ठेवलेत. म्हणून मी आमची मूर्ती ठेवली. पण इतकी वर्षं झाली, बाबासाहेब मला एका पण भिंतीवर दिसले नाय. मला वाटलं, तुमच्याकडे चालत नसेल.”

जयेश कॅमेऱ्याच्या पट्ट्याशी चाळा करत उभा राहिला. मला हे सगळं ठाऊक नव्हतं असं नाही. पण आईने, जिने कंपनीत सुपरवायझरपासून कुणाची भीडभाड ठेवली नाही तिने, अंकात घर यावं एवढ्याशा हौसेसाठी तो चौकोन रिकामा केला होता, आणि त्याचा राग कुणावर काढावा हे मला कळत नव्हतं. आईवर, बाईंवर की घरोघरच्या त्या कारंज्यांवर.

दुसरं कुणी असतं तर खजील झालं असतं, निदान तसं दाखवलं असतं. कर्णिकबाई वाद घालायला लागल्या. “हे बघा, आम्ही कधी कुणाला नको म्हटलेलं नाही.”

“म्हटलं नाय, बरोबर आहे,” आई म्हणाली. “पण विचारलं पण नाय ना कुणाला.”

“घरं लोक सुचवतात. फोन येतात आम्हाला.”

“कुणाचे येतात?”

बाई थांबल्या. मी त्यांना इतक्या वर्षांत बिल्डरसमोर, वकिलासमोर, एका नगरसेवकासमोरसुद्धा गप्प बसलेलं बघितलं नव्हतं. त्या कॉटवर बसल्या. त्या रिकाम्या चौकोनाकडे बोट केलं. मग म्हणाल्या, “लावा तो. मी थांबते.”

“लावणारच होते दुपारी,” आई म्हणाली. “तुम्ही सांगताय म्हणून नाय.”

तिने आतून धुतलेल्या चादरीत गुंडाळलेला फोटो आणला. जयेश मदतीला पुढे झाला, त्याला तिने बाजूला केलं आणि स्वतः स्टुलावर चढली. मी स्टूल धरलं. फोटो लागला, हार चढला. मग परबकाकूंना हाक गेली आणि पिंप, ट्रंका, गाद्या, इस्त्रीचे कपडे, सगळी वरात घरी परत आली. परबकाकू ट्रंक ठेवता ठेवता बाईंना म्हणाल्या, “मगाशी जीव काढून नेलं सगळं, आता परत आणा! तुम्हाला काय ते नक्की ठरवता येत नाय?” बाई हसल्या. त्यानंतर दुपारभर जयेश फोटो काढत होता. आईने पिठलं-भाकरी केली. बाई ओट्याजवळ पाट घेऊन जेवल्या आणि फरशी कुणी बसवली, खिडकी कधी बदलली, हे सगळं आईकडून बारीकसारीक विचारून घेतलं.

पुढच्या महिन्यात अंक आला. ‘महिन्याचं घर’ : वर्तकनगर. सहा पानं. भिंत, फरशी, खिडकी, पिंप, सगळं आहे तसं. आई दारासमोरच्या भिंतीपाशी उभी आहे आणि कॅमेऱ्याकडे असं बघतेय की जणू त्याचाच हिशेब मागतेय. छापलेला तो फोटो बघून माझे डोळे भरून आले. धावत जाऊन बाईंचे पाय धरावेत असं वाटलं. मग मी पहिलं पान उघडलं. तिथल्या चौकटीत संपादक, सहसंपादक, छायाचित्रकार अशी सगळ्यांची नावं असत. सहसंपादकाची ओळच नव्हती. माझं नाव काढून टाकलेलं. अंक माझ्या हातून छापायला गेला तेव्हा नाव होतं, म्हणजे बाईंनी स्वतः छापखान्यात जाऊन ते काढलं होतं.

मी त्यांच्यासमोर अंक आपटला. “हे काय आहे?”

“आपल्या माणसांची घरं घ्यायची नाहीत हा नियम आहे,” बाई म्हणाल्या. “या अंकापुरती तू आमची नाहीस.”

“मला सांगायचं तरी!”

“सांगितलं असतं तर तू भांडली असतीस. अंकाला उशीर झाला असता.”

आईने त्या दिवशी अख्ख्या वसाहतीत अंक फिरवला. कंपनीतल्या जुन्या मैत्रिणींना दाखवला. प्रत्येकीला सांगायची, माझी मुलगी इथे साहेब आहे, आणि नाव दाखवायला पहिलं पान उघडायची. आधीच्या सगळ्या अंकांत होतं आणि नेमकं यातच नाही. “तुझं नाव कुठाय गं?” तिने मला विचारलं. मी बाईंचा नियम सांगितला. आईने बाईंना अशा काही शिव्या घातल्या की त्या इथे लिहिता येणार नाहीत. त्यातल्या निम्म्या मी मनातल्या मनात आधीच घातल्या होत्या.

त्यानंतर बाई बदलल्या असं म्हणणं धाडसाचं होईल. तितक्याच हट्टी, तितक्याच न सांगता टपकणाऱ्या. पण घरं सुचवणाऱ्यांच्या फोनची वाट बघणं त्यांनी बंद केलं. कळवा, कल्याण पूर्व, डोंबिवलीतल्या चाळी, सगळीकडे स्वतः भटकायला लागल्या आणि दारं ठोठावून विचारायला लागल्या. काही जुन्या वाचकांचे फोन आले. एक बाई म्हणाल्या, “हल्ली तुमच्या अंकात कुठलीकुठली घरं येतात.” कर्णिकबाईंनी ताडकन उत्तर दिलं, “ठाण्यातलीच येतात हो. पत्ता देऊ का? तुमच्या गल्लीच्या मागेच आहे.” त्या बाईंनी अंक बंद केला. असे थोडेफार आणखी बंद झाले. पण मासिक बंद पडलं ते त्यामुळे नाही. लोक आपापल्या घराचे फोटो आपापल्या मोबाइलवर टाकायला लागले, हवा तो पलंग हवा तसा दाखवायला लागले, आणि आमच्या बुधवारची कुणाला गरज उरली नाही. अंक बारीक होत गेला आणि एका दिवाळीनंतर निघालाच नाही. गिरणी अजून चालू आहे. वर आता कसला तरी क्लास आहे.

बाई मग डोंबिवलीला भाच्याकडे राहायला गेल्या. तब्येत ढासळत होती. मी अधूनमधून जायची. शेवटी गेले तेव्हा त्या पडूनच होत्या, पण आवाज तसाच. “तुमचा टॉवर कुठवर आलाय?” म्हणून विचारलं. मी म्हटलं, चालू आहे. “आई काय म्हणते?” मी म्हटलं, तुम्हाला अजून शिव्या देते, माझं नाव काढलंत म्हणून. बाईंना हसू आलं, मग खोकला आला. खोकला थांबल्यावर म्हणाल्या, “साळवे, तुला अक्कल कमी. अगं, तुझं नाव त्या अंकात असतं तर लोक काय म्हणाले असते? सहसंपादकाची आई, म्हणून आलं. ओळखीने आलं. आमच्या अंकात पहिल्यांदा बाबासाहेब भिंतीवर येणार, आणि तेही ओळखीने आले म्हणायचे? तुझ्या आईचं घर ओळखीने आलेलं नाही.”

एवढं एक वाक्य त्यांना त्या वेळी बोलता आलं नसतं? मधली सगळी वर्षं मी धुमसत होते, आई बोटं मोडत होती, आणि ही बाई मनात एवढं ठेवून अंकाला उशीर होईल म्हणत होती!

तिथून आईची भाड्याची जागा जवळच. मी तशीच तिच्याकडे गेले आणि बाई काय म्हणाल्या ते सांगितलं. आई मटार सोलत बसली होती. हातातली शेंग तिने सोलून संपवली. मग म्हणाली, “बरोबर आहे बाईचं.” आणि आणखी दोन-चार शेंगा झाल्यावर, “पण तरी नाव पाहिजे होतं. ते घर माझं होतं आणि त्या घरातनं तू शिकून साहेब झालीस. ते पण आहे तसंच होतं ना? त्यात ओळख कसली?”

यावर बाईंकडे उत्तर नव्हतं याची मला खात्री आहे. पुढच्या आठवड्यात जाऊन त्यांना हे तोंडावर सांगायचं असं मी ठरवलं, आईलाच बरोबर नेणार होते. तोवर भाच्याचा फोन आला. आई माझ्याबरोबर आली ती अंत्यदर्शनाला. पायाशी फूल ठेवलं, हात जोडले आणि तिथेच उभी राहिली. मी हळूच म्हटलं, “चल.” ती हलली नाही. बाईंच्या चेहऱ्याकडे बघत, जमलेल्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, “नाव पाहिजे होतं, बाई.”